जेबेझ गारबटची ओसरी

जेबेझ गारबट हा आमच्या स्केल्बी गावातला पहिल्या नंबरचा ऐतखाऊ. तरुणपणी तो छपरं शाकारायचा, पण त्यानं शाकारलेल्या छपराखाली भांडी मांडून बसावं लागे, म्हणून लोकांनी बोलावणं सोडलं. त्यानंतर तीस वर्षं त्यानं काडी इकडची तिकडे केली नाही. तरी त्याच्या तव्यावर रोज डुकराच्या मांसाची जाड चकती चरचरायची. ती कुठून यायची, ते सांगते.

एप्रिलात संत मार्कचा सण येतो. त्याच्या आदल्या रात्री चर्चच्या ओसरीत जो जागा राहील, त्याला म्हणे गावातल्या माणसांची रूपं ओळीनं आत जाताना दिसतात. माणूस आपला घरी घोरत पडलेला, आणि रूप इकडे चर्चच्या दारात. आत जाऊन जे बाहेर येतं ते माणूस वर्षभरात आजारी पडून उठतं. जे बाहेर येत नाही त्याचा खड्डा पुढच्या एप्रिलच्या आत खणायचा. जे दिसलंच नाही ते वर्षभर सुखरूप. आणि एकदा बसलं की दरवर्षी बसावंच लागतं, सुटका नाही. आमच्या गावात जेबेझ बसायचा.

तो कधी कुणाचं नाव घेत नसे, तेवढी अक्कल त्याला होती. सणाच्या सकाळी पंपावर बायका पाणी भरायला जमल्या की हा येऊन उभा राहायचा आणि एखादीकडे बघून टोपी काढायचा. मयत जाताना काढतात तशी. बोलायचं काही नाही. मग त्या घरातून वर्षभर अंडी, चीज, मांस. 'जेबेझकाका, निदान बाहेर तरी आलो का हो आम्ही?' हा दाढी खाजवून म्हणायचा, 'आठवावं लागेल.' नाताळ यायचा तरी ह्याचं आठवणं चालूच. माणूस मेलं तर 'मी टोपी काढली होती', जगलं तर 'बाहेर येताना पाहिलं होतं'. आणि आमचं गाव माना डोलवायचं! शाळेत गेलेली माणसं ही, महिन्याला वर्तमानपत्र वाचणारी.

मी चर्चला न जाता वेगळ्या पंथाच्या चॅपलला जाणारी. आम्ही साध्या प्रार्थनेची माणसं, चर्चच्या ओसरीत काय दिसतं याच्याशी आम्हांला देणंघेणं नाही. असं मी समजत होते, माझ्या बहिणीपर्यंत गोष्ट येईतो.

सेलिना माझ्याहून चार वर्षांनी लहान. आम्ही दोघी लोकांचे कपडे धुतो. ओली चादर ती एकटीनं पिळायची, असे दंड. त्या मार्चात जेबेझ दारात आला आणि सफरचंदाच्या पाईचा दुसरा तुकडा मागायला लागला, तेव्हा ती म्हणाली, "आधी आमचं छप्पर गळायचं थांबव, मग खा." झालं. सणाच्या सकाळी पंपावर त्यानं तिच्याकडे बघून टोपी काढली.

सेलिना रिकामी बादली घेऊन घरी आली, बूट काढले आणि अंथरुणात शिरली. तीन आठवडे उठली नाही. शेवटी शेवटी नुसतं पाणी. तालुक्याहून डॉक्टर आणला, तो म्हणाला शरीरात काही दोष नाही. मी ओरडले, रडले, बायबल वाचून दाखवलं.

"सेलिना, ऊठ बाई. चादरी कोण पिळणार?"

"तू पीळ. आणि माझा निळा झगा ठेव तुला. कमरेत थोडा सैल होईल."

तिनं पुरण्याचे कपडे घडी करून उशाशी ठेवले होते. ते बघितलं आणि मी तशीच जेबेझच्या घरी गेले. स्वारी अंडं खात होती.

"चल," मी म्हटलं. "सेलिनाला सांग, ती बाहेर आली होती म्हणून."

"न दिसलेलं कसं सांगू, रूथ? पाप लागेल."

"पाप! तुला!"

"तुम्हां चॅपलवाल्यांना नाही कळायचं ते."

जन्मात खोटं बोलले नव्हते मी. पण त्या अंड्याच्या पिवळ्यानं माखलेल्या मिशा बघितल्या आणि जीभ आपोआप चालली.

"कळतं तर. मीही होते त्या रात्री, चर्चच्या आवारातल्या यूच्या झाडामागे. तुला पाहिलं."

"पाहशीलच की. ओसरीत बसलो होतो मी."

"तो बसलेला पाहिला. आणि दुसरा आत जाताना. टोपी हातात होती त्याच्या."

चमचा खाली गेला. तोंडचं पाणी पळालं त्याच्या. "आणि बाहेर? बाहेर आलो का मी?"

"आधी सेलिना."

मोजे घातलेल्या पायांनी आला माझ्यामागून, बूटसुद्धा विसरला. सेलिनाच्या उशाशी उभा राहून म्हणाला, "माझी चूक झाली पोरी. तू आलीस बाहेर, सगळ्यांच्या शेवटी. शपथेवर सांगतो." सेलिनानं त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि लापशी मागितली. मीठ कमी आहे म्हणून कुरकुरलीसुद्धा. मला इतकं बरं वाटलं की मी स्वयंपाकघरात जाऊन एप्रनात तोंड खुपसलं.

फाटकाशी जेबेझ थांबला होता. "आता माझं सांग."

"आलास की बाहेर. धडधाकट."

तो बघतच राहिला. "असंच मी तिला सांगितलं आत्ता. ह्याच आवाजात."

"शपथेवर सांगते."

"शपथही घेतली मी." त्यानं नाक पुसलं. "तीस वर्षं बसलो, रूथ. एकदा मांजर दिसलं. तेवढंच. मला वाटायचं, कुणालाच काही दिसत नसेल. आणि तुला दिसलो मी."

भित्यापाठी ब्रह्मराक्षस, दुसरं काय. गावाला तीस वर्षं घाबरवून खाणारा माणूस माझ्या एका थापेनं पांढराफटक पडला. मी झाडामागे नव्हतेच, हे तेव्हा सांगायला हवं होतं. तोंड उघडलंही. पण जेबेझच्या तोंडात तीळ भिजत नाही. तासाभरात दारूच्या गुत्त्यात सगळं खोटं होतं म्हणून बोलून बसला असता, आणि खिडकीत माझी बहीण वाटी चाटूनपुसून खात होती. मी गप्प बसले.

तो घरी जाऊन झोपला, तो उठलाच नाही. गावाला सांगून मात्र झोपला, की रूथनं मला पाहिलं. डॉक्टर म्हणाला शरीरात काही दोष नाही. नोव्हेंबरात त्याला पुरलं.

पुढच्या संत मार्कच्या सकाळी मी पंपावर गेले तर बायका बोलायच्या थांबल्या. सगळ्यांचे डोळे माझ्या हातांवर, मी डोक्यावरची टोपी काढते की काय म्हणून. घरी आले तर पायरीवर अंड्यांची टोपली.

सेलिनानं ती आत घेतली. माझ्याकडे न बघता म्हणाली, "बसली होतीस ना काल? एकदा बसलं की बसावं लागतं."

काल मी आठ वाजता झोपले होते.

"बसले होते," मी म्हटलं.

"आणि मी?"

"तू आलीच नव्हतीस. कुठं दिसलीच नाहीस."

तिनं मोठा श्वास सोडला आणि तव्यात चार अंडी फोडली. दोन माझी.