चिठ्ठीवाचून सभासद

जगात ख्रिस्ती लोक किती, कुठल्या खंडात वाढले आणि कुठं घटले, असं कुठं छापून आलं की मला हसू येतं. त्या भल्यामोठ्या आकड्यातला एक बारका तुकडा दौंडात बसून मी लिहिलेला असतो. आमच्या चर्चच्या मंडळीचा मी सचिव. दर जानेवारीला वरच्या ऑफिसचा फॉर्म येतो. कुटुंबं किती, बाप्तिस्मा झालेले किती, एकूण सभासद किती. मी सभासद यादी काढतो, चष्मा पुसतो आणि मोजायला बसतो.

माझी नोकरी रेल्वेच्या पार्सल ऑफिसात झाली. कागद नाही तर पार्सल नाही, हा माझा खाक्या. तो रिटायर झाल्यावरही सुटला नाही. पाळकसाहेब मवाळ, म्हणून कडकपणाचं काम मी आपणहून अंगावर घेतलं. दोन वर्षं उपासनेला न आलेल्याचं नाव कापायचं, आणि बाहेरून आलेल्यानं 'हा आमचा सभासद' अशी मूळ मंडळीची चिठ्ठी आणल्याशिवाय त्याचं नाव घालायचं नाही. शिरूरला राहायला गेलेली दोन घरं मी कापली. सणसवाडीला कंपनीत लागून तिथंच खोली घेतलेला माझा सख्खा पुतण्याही कापला. तो अजून माझ्याशी धड बोलत नाही.

गेल्या पावसाळ्यापासून कुरकुंभच्या एमआयडीसीतून झारखंडची एक बाई दर रविवारी येऊ लागली. नवरा कंपनीत कंत्राटावर, कडेवर तान्हं बाळ. जन्मल्यावर ते बरेच दिवस काचेच्या पेटीत होतं. ते वाचलं, म्हणून तिला त्याचा बाप्तिस्मा लवकर करायचा होता. आमच्याकडं बाप्तिस्मा सभासदांच्याच मुलांचा. मी चिठ्ठी मागितली.

"अंकल, हमारे गाँव का पादरी चार गाँव देखता है. फोन लगता नहीं," ती म्हणाली.

"चिठ्ठी लाओ, फिर देखेंगे."

त्यानंतर दर रविवारी उपासना संपली की ती दाराशी बाळ घेऊन उभी राहायची. चिठ्ठी आली का, असं मी हातानंच विचारायचो. ती नाही म्हणायची आणि निघून जायची. सहा महिने असं चाललं.

यंदा मी फॉर्म भरत होतो तेव्हा बायको शेजारी शेंगा सोलत बसली होती. ती खुटबावची, तोंडानं फटकळ.

"आवो, दर ऐतवारी येतीया त्या बाईचं नाव यादीत न्हाई, आन् पाच वर्सं कॅनडात बसलेल्या तुमच्या लेकाचं हाय. ह्यो कुठला न्याय म्हणायचा?"

"तुला यातलं काय कळतंय," म्हणून मी उडवून लावलं. पण ते मनाला लागलं. दर वर्षी लेकाच्या नावाशी आलो की मी पेन गुपचूप पुढं सरकवायचो. नाव आहे तोवर तो कधीतरी परत येईल, असं मला वाटायचं. हे मी बायकोलाही कधी बोललो नव्हतो.

रविवारी संध्याकाळी त्याला फोन लावला. तिकडं सकाळ होती.

"पप्पा, चर्चला निघालोय, पटकन बोला."

"तिथं नाव घालायला आपल्या मंडळीची चिठ्ठी लागत असेल. पाठवू का?" नको, मी परत येणारच आहे, असं तो म्हणेल अशी मला आशा होती.

"नाव कधीच घातलंय. पहिल्याच महिन्यात."

"चिठ्ठीवाचून?"

"कुणी मागितलीच नाही. दाराशी एक म्हातारे उभे असतात. त्यांनी माझं नाव विचारलं, लिहून घेतलं आणि घरी जेवायला नेलं."

म्हणजे पाच वर्षं माझा मुलगा दोन देशांत मोजला जात होता, आणि ते बाळ कुठंच नव्हतं. मला लाज वाटली. मुलगा आता येत नाही, हेही कळलं. बायकोसमोरच डोळ्यांत पाणी आलं. मी लेकाचं नाव कापलं.

दुसऱ्या दिवशी एसटीनं कुरकुंभला गेलो आणि विचारत विचारत तिची खोली शोधून काढली. मला दारात बघून ती घाबरली.

"चिठ्ठी अभी नहीं आई, अंकल."

मी यादी उघडली आणि बाळाचं नाव विचारलं. सहा महिन्यांत पहिल्यांदाच.