झाकण

दुकानात सेजच्या वाळलेल्या पानांचा वास आला की मला इथली, अमेरिकेतल्या फ्रिस्को शहरातली ती थँक्सगिव्हिंगची दुपार आठवते. सून हॉस्पिटलात कामाला, सणालाही तिला ड्यूटी होती. निघण्याआधी तिनं वाळवलेल्या पावाचे तुकडे, कांदा, सेलरी, अंडी, सेजची पानं असं सगळं कालवून स्लो कुकरमध्ये, म्हणजे तासन्‌तास मंद शिजवणाऱ्या विजेच्या भांड्यात, लावलं आणि म्हणाली, "आई, स्टफिंग तुमच्यावर सोपवलंय हं. नुसतं शिजू द्या." संध्याकाळी तिच्या कामावरचे लोक जेवायला येणार होते. मी सातवीतून शाळा सोडलेली, इथलं एक बटण दाबायचं तरी धडधडायचं, आणि तिनं पहिल्यांदाच माझ्यावर काही सोडलं होतं. त्या कुकरला ना शिट्टी, ना फसफस. शिजतंय की नाही, कळायचं कसं? मी आपली सारखं झाकण काढून बघत राहिले, ढवळत राहिले. ती परतली तेव्हा आत पावाचा कच्चा लगदा होता. "अगं आई, झाकण काढलं की सगळी हीट जाते ना!" मुलगा करवादला. माझे डोळे भरून आले. "तू गप रे," सून म्हणाली, "पाय बघ त्यांचे, दिवसभर ओट्याशी उभ्या आहेत." तिनं कुकर हायवर केला, पाहुण्यांना उशिरा या म्हणून कळवलं आणि मला सोफ्यावर शेजारी ओढून घेतलं. "आता दोघी झोपू या. कुणीच बघायचं नाही." तिच्या कपड्यांना औषधांचा वास येत होता. इथं येऊन बरीच वर्षं झाली, पण दुपारची तशी गाढ झोप मला परत लागलेली नाही.