मोडली, सरकली की गळली

मार्लिस नीमीच्या वाट्याला पेशंटचा चेहरा कधी येत नसे, यायचे ते कागद. पेशंट घरी गेला की त्याच्या फायलीतलं अक्षर न् अक्षर वाचायचं आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक ऑपरेशनला, झालेल्या प्रत्येक बिघाडाला ठरलेला कोड द्यायचा, हे तिचं काम. विमा कंपनीला ते कोड लागत, सरकारला लागत. आपल्या हॉस्पिटलात वर्षभरात काय काय बिघडलं हे कुणाला बघायचंच असेल, तर त्यालाही तेच लागत. बघणारे थोडे होते.

अमेरिकेत, उत्तर मिनेसोटात, लोखंडाच्या खाणींच्या पट्ट्यात तिचा जन्म गेला. वडील खाणीत, नवरा आर्वो खाणीत. आर्वोचा हात यंत्राच्या पट्ट्यात सापडला त्या वर्षी ती हॉस्पिटलच्या तळघरात फायली लावायच्या कामाला लागली. कोडिंगची परीक्षा तिनं दुसऱ्या खेपेला पास केली. पुढे २०१५ मध्ये जुने कोड जाऊन नवे आले, तेव्हा तिच्या बरोबरीच्या तिघीजणींनी सरळ राजीनामे दिले. मार्लिस तेव्हा पंचावन्नची होती. तिनं ते जाडजूड पुस्तक घरी नेलं आणि हृदय आणि रक्तवाहिन्यांत बसवलेल्या उपकरणांचं प्रकरण तर तीनदा वाचून काढलं. नव्या पुस्तकाला नुसतं ‘बिघडलं’ चालत नसे. मोडलं, सरकलं, गळलं, की आणखी काही झालं, ते सांगावं लागे.

२०१९ च्या फेब्रुवारीत एक फाईल तिच्यापुढे आली. बाईला केमोसाठी पोर्ट बसवला होता, म्हणजे छातीच्या कातडीखाली एक छोटी डबी आणि तिच्यातून हृदयाजवळच्या मोठ्या शिरेत सोडलेली बारीक नळी. सर्जन डॉ. हॅलोरननी लिहिलं होतं, ‘पोर्ट चालत नाही. बदलला.’ एवढ्यावर ‘इतर बिघाड’ हाच कोड बसत होता. पण महिन्याभरातली ही तिसरी फाईल होती, म्हणून मार्लिसनं मागं जाऊन एक्स-रेचा अहवाल काढला. नळीचं टोक जागा सोडून वर मानेच्या शिरेत गेलं होतं.

म्हणजे नळी सरकली होती. ते तिला दिसत होतं, पण लिहिता येत नव्हतं. कोडिंगचा नियम असा, की पेशंटवर उपचार करणाऱ्या डॉक्टरनं स्वतः लिहायला हवं. एक्स-रेच्या अहवालावरून कोड देता येत नाही आणि डॉक्टरच्या तोंडी शब्दही घालता येत नाही. तिनं रीतसर लेखी प्रश्न पाठवला. कागद कोरा परत आला. दुसऱ्यांदा पाठवला, तर त्यावर ‘पेशंट ठीक आहे’ एवढंच. तिसऱ्यांदा ती स्वतः कागद घेऊन वरच्या मजल्यावर गेली.

“मी नळी काढली, नवी घातली, बाई बरी आहे,” हॅलोरन म्हणाले. “एका शब्दासाठी माझ्या मागं का लागलाय तुम्ही?”

“कारण तो शब्द लिहायचा अधिकार माझा नाही, डॉक्टर. तुमचा आहे.”

“बरं. सरकली असं लिहू?”

“मला होही म्हणता येत नाही आणि नाहीही. चार पर्याय दिलेत. पाचवा ‘सांगता येत नाही’ असाही आहे. जे खरं असेल त्यावर खूण करा.”

हॅलोरननी नाइलाजानं एक्स-रे उघडला. बराच वेळ पाहिला. मग ‘सरकली’वर खूण करून कागद तिच्या हातात दिला आणि पुढच्या पेशंटकडे गेले.

एवढ्यावर थांबायला मार्लिस तयार नव्हती. तिची वरिष्ठ पॅटी झुपान वयानं वीस वर्षांनी लहान, हिशोबी पण सरळ बाई. गेल्या चौदा महिन्यांत बदललेल्या सगळ्या पोर्टच्या फायली पुन्हा तपासू का, असं मार्लिसनं तिला विचारलं. रोजच्या फायली संपवून काय करायचं ते कर, असं पॅटी म्हणाली. मार्लिस पहाटे साडेसहाला येऊ लागली. अकरा फायली निघाल्या. तीन पोर्ट जंतुसंसर्गामुळे काढलेले होते. उरलेल्या आठांसाठी, पहिला धरून, आठ प्रश्न गेले. हॅलोरन चिडत होते, पण आता एक्स-रे बघून खूण करत होते. एक नळी गळली होती. सात सरकल्या होत्या.

सातही फायली बायकांच्या होत्या. वजनाच्या रकान्यात सातही आकडे मोठे होते. पोर्ट बसवताना काढलेला एक्स-रे फोटो प्रत्येकीचा टेबलावर आडवं असतानाचा, आणि त्यात नळी अगदी जागच्या जागी. मार्लिस स्वतः अंगानं भारी. त्या संध्याकाळी घरी तिनं पलंगावर आडवं पडून गळ्याच्या हाडाखाली, पोर्ट बसवतात त्या जागी, बोट ठेवलं आणि तशीच उठून उभी राहिली. छातीचा सगळा भार खाली उतरला आणि बोटाखालची कातडीही ओढली गेली. डबी अशी खाली गेली, तर नळी शिरेतून मागं ओढली जाणार. तिला उलगडा झाला. पण ती डॉक्टर नव्हती. सात फायलींचा तक्ता केला, त्यात तिनं स्वतःचं मत म्हणून एक शब्द घातला नाही.

त्याच आठवड्यात शनिवारी ती नणंदेकडे, इर्याकडे, सौनाला, म्हणजे वाफेच्या खोलीत बसायला गेली. आर्वोला जाऊन चार वर्षं झाली होती, पण शनिवारची ती बैठक दोघींनी मोडली नव्हती. वाफेत बसल्या बसल्या इर्यानं सांगितलं, आतड्याचा कॅन्सर निघालाय, अठरा एप्रिलला पोर्ट बसवणार आहेत. इर्या मार्लिसपेक्षाही जाड.

“तू तिथंच असतेस. हा हॅलोरन कसा आहे गं?”

“हात चांगला आहे त्याचा,” मार्लिस म्हणाली. ते खोटं नव्हतं.

गाडी घराकडे नेताना ती विचार करत होती. फायलीत वाचलेलं बाहेर बोलायचं नाही, ही शपथ तिनं पंचवीस वर्षं पाळली होती. नाव न घेता इर्याला दोन शब्द सुचवणं अवघड नव्हतं. पण मग इर्या तेवढी वाचेल, आणि तिच्या मागून येणाऱ्या बाईची नळी सरकेल, कारण तिची कुणी भावजय तळघरात बसलेली नसेल. मार्लिसनं ठरवलं, हे डॉक्टरांपुढेच मांडायचं, आणि अठरा तारखेच्या आत. नाहीच जमलं तर शपथेचं काय करायचं ते सतरा तारखेला बघू.

सोमवारी तिनं पॅटीला आधी सांगितलं, की इर्याची कुठलीही फाईल माझ्याकडे येऊ देऊ नकोस, ती माझ्या घरातली आहे. मग डॉक्टरांच्या आढावा बैठकीत वेळ मागितला. एप्रिलची यादी भरली आहे, मे महिन्यात घेऊ, असं उत्तर आलं.

“मे नाही, एप्रिल. रोज नव्या बायका त्या टेबलावर चढतायत.”

पॅटीनं तिच्याकडे पाहिलं आणि बैठकीतल्या स्वतःच्या वेळातली दहा मिनिटं तिला दिली.

बैठकीत मार्लिसनं आधी आठ प्रश्नांचा हिशोब सांगितला. तक्ता सगळ्यांपुढे ठेवला गेला, तसा हॅलोरनचा चेहरा उतरला. “म्हणजे मी चुकलो, असं म्हणणं आहे तुमचं?”

“मी तसं म्हटलेलं नाही, डॉक्टर. सात कागदांवर तुमच्याच हातची खूण आहे, आणि ती एकाच शब्दावर आहे.”

दुसरे एक डॉक्टर म्हणाले, सात हा आकडा फार लहान आहे, यातून काही सिद्ध होत नाही.

“लहान आहे,” मार्लिस म्हणाली. “पण गेल्या महिन्यापर्यंत तो शून्य होता. सगळ्या ‘इतर’मध्ये गेल्या होत्या.”

हॅलोरननी तक्ता पुन्हा ओढून घेतला. सगळ्या बायकाच का, फोटो सगळे आडवे असतानाचेच का, असं त्यांनी विचारलं. कागदावर तसंच आहे, एवढंच ती म्हणाली. ते बराच वेळ वजनाच्या रकान्यावर बोट फिरवत राहिले. मग म्हणाले, “पेशंटला उठवून, बसवून बघायला हवं होतं.” त्याच आठवड्यात त्यांनी पद्धत बदलली. जागेची खूण पेशंटला बसवून करायची, नळी थोडी खोल सोडायची, आणि घरी पाठवण्याआधी बसलेल्या अवस्थेत पुन्हा फोटो काढायचा.

अठरा एप्रिलला बर्फ पडत होता. मार्लिसनं रजा टाकली आणि इर्याला स्वतः घेऊन गेली. दुपारी इर्या कुरकुरतच बाहेर आली. “एकदा झालं होतं सगळं. मग मला ताठ बसवून फोटो काढला. म्हणे नळी थोडी वर आलीय. पुन्हा टेबलावर घेतलं मेल्यांनी.”

“आता कशी आहे?”

“आता बरोबर आहे म्हणतात. भूक लागलीय मला.”

मार्लिसनं गाडीतच मांस-बटाट्याची गरम पेस्टी तिच्या हातात दिली आणि खिडकीकडे तोंड करून डोळे पुसले. इर्या खाण्यात गुंतली होती.

इर्याचा पोर्ट शेवटच्या केमोपर्यंत, ऑक्टोबरपर्यंत, बिनतक्रार चालला. पुढच्या चौदा महिन्यांत हॉस्पिटलात एकच नळी सरकली. त्या फायलीवर हॅलोरननी आपणहून लिहिलं होतं, ‘टोक सरकलं आहे, एक्स-रे पाहिला.’ मार्लिसनं कोड दिला आणि पुढची फाईल उघडली.