बालाघाटावर बायकोची परीक्षा

लग्न झाल्या झाल्या मी बायकोला हिमालय दाखवायचं कबूल केलं होतं. मी परभणीत भूगोलाचा मास्तर. बावीस वर्षं फळ्यावर एका दमात हिमालय काढतोय, काश्मीरपासून अरुणाचलपर्यंत. प्रत्यक्ष चढलेली सर्वांत उंच गोष्ट म्हणजे शाळेची गच्ची. यंदा सुनंदानं थेट सांगितलं, "मे महिन्यात जायचंच." माझ्या गुडघ्यांनी तत्काळ नकार कळवला. तो लपवायला मी अट घातली: आधी आपल्या जिल्ह्यातला बालाघाट चढून दाखव. दमलीस, तर हिमालय रद्द.

सकाळच्या एसटीनं गंगाखेडमार्गे पालम. रस्ता बरा, म्हणजे खड्डे ड्रायव्हरला पाठ होते. स्टँडसमोर गरम भजी मिळतात. खा, पण चढायच्या आधी दोन प्लेट खाऊ नका. मी खाल्ल्या. मग रिक्षानं शेवटच्या गावापर्यंत; ती तिथंच थांबवून पुढं पायी.

पारावरच्या आजोबांना विचारलं, "डोंगर कुठाय?"

"हितं नुसता माळ हाय. डोंगर लय पुढं."

पुढं शेळ्या राखणारा म्हणाला, "ह्यो तर चढ हाय. डोंगर त्या तिकडं." डोंगर आपल्या शिवारात आहे असं कबूल करायला कुणी तयारच नाही. दोन तासांत माझ्या छातीचा भाता झाला. सुनंदा मात्र वाटेवरची बोरं वेचत चाललेली.

शेवटी सपाट रान लागलं, तुरीचं. मी बांधावर बसकण मारली आणि आनंद लपवत जाहीर केलं, "शिखरच नाही! डोंगर नाही, तर परीक्षा रद्द. हिमालयही रद्द."

तूर कापणारी बाई कंबर सरळ करत उभी राहिली. "काय हुडकायलाव, दादा?"

"बालाघाट."

"मग बसलाव कशावर?"

मागं वळून पाहिलं. खाली काळी रानं पसरलेली, आमची रिक्षा काडेपेटीएवढी. 'बालाघाटाचा माथा सपाट असतो' हे वाक्य मी दरवर्षी पोरांना दोन मार्कांसाठी लिहून देतो.

"अहो," सुनंदा म्हणाली, "मी दमले नाही. तेवढं लक्षात ठेवा."

"ताई, आधी दादाला पाणी पाजा," बाई म्हणाली.

याला महिना झाला. हिमालयाची तिकिटं निघाली आहेत. अट तिच्यासाठी नव्हती, माझ्या भीतीसाठी होती, हे तिला म्हणे मी ती घातली तेव्हाच कळलं होतं. आता रोज पहाटे ती मला पेडगावच्या रस्त्यानं चालवते.

"दमलात तर खुशाल सांगा," ती म्हणते. "मी एकटी जाऊन येते."

मी अजून सांगितलेलं नाही.