बाबांच्या ओरडण्यावर नाचलं रायपूर

सगळा दोष बंटीभैयाचा. कॉलेज मी माझ्या अकलेनं सोडलं, पण पुढचं सगळं त्याच्यामुळे. आमची जोडी म्हणजे ‘कुकर’. आसपासचे आवाज रेकॉर्ड करायचे, लॅपटॉपवर त्यांचे तुकडे करायचे, खाली बीट टाकून पब्लिकला नाचवायचं. रायपुरात आमच्याआधी हे कोणी केलं नव्हतं. अशा धंद्यात किस्से शोधावे लागत नाहीत. बीरगावच्या कारखान्यांच्या काजळीसारखे चिकटतात, झटकायला गेलं की बोटांनाही लागतात.

रेल्वेतून रिटायर झालेल्या बाबांनी दम दिला होता, “गणपतीपर्यंत एक तरी प्रोग्राम मिळव. नाही तर गुपचाप कॉलेजात परत!”

*

पहिलं रेकॉर्डिंग आईच्या कुकरचं.

“आई, अजून एक शिट्टी होऊ दे!”

“भाताची पेज झाली रे पोट्ट्या!”

नाव पडलं ते त्यावरूनच. पेज मात्र बाबांनी खाल्ली, मला शिव्या देत.

*

मग बीरगावच्या कारखान्याबाहेर मशीनचा आवाज घ्यायला गेलो. गार्डनं पकडलं. “क्या चुरा रहे हो?”

बंटीभैया म्हणाला, “आवाज़.”

गार्डनं घाबरून सुपरवायझरला फोन लावला. “साहब, दो लड़के आवाज़ चुरा रहे हैं!”

पलीकडून ओरडा आला, “पूरी ले जाने दे! बरसों से सोया नहीं हूँ!”

*

ब्राह्मणपाऱ्यातल्या आमच्या गणेश मंडळाची मीटिंग. ज्यांची स्वतःची पोरं घरी मराठीत उत्तर देत नाहीत, ते सगळे संस्कृती वाचवायला बसलेले. आम्ही ट्रॅक ऐकवला.

अध्यक्षकाकांनी विचारलं, “वाजवणारे कुठं आहेत?”

“नाहीत.”

“गाणारा?”

“तोही नाही.”

“मग तुम्ही करता काय?”

बंटीभैया म्हणाला, “वही जो आप मीटिंग में करते हो, काका. दूसरों की बात बार-बार!”

सेक्रेटरी इतका हसला, की विसर्जनाचा प्रोग्राम आम्हालाच मिळाला.

*

विसर्जनाच्या गाडीवर बंटीभैयानं मला न सांगता नवा ट्रॅक लावला. एका सकाळी आमच्या घरी येऊन त्यानं हळूच रेकॉर्डिंग केलं होतं. स्पीकरमधून बाबा गरजले, “उठ! काहून झोपून राहिला? उठ! उठ-उठ-उठ!”

आख्खा पारा, सगळा मोहल्ला नाचला. अध्यक्षकाका हात वर करून नाचले! बाबा आरतीचं ताट धरून तिथेच उभे.

*

त्यानंतर गल्लोगल्ली हेच. बीरगावचा एक डीजे स्वतःच्या आईची बडबड वाजवतो. शंकर नगरच्या एका नवरीनं तर सासूचा आवाज लग्नाआधीच रेकॉर्ड करून दिला! आमचं नाव कोणी घेत नाही. म्हातारे आता म्हणतात, “आपल्या मंडळानंच सुरू केलं हे.”

*

गेल्या महिन्यात एका लग्नात डीजेनं बाबांचा तोच ट्रॅक लावला. कोणीतरी बाबांना ओळखलं. पोट्टे भोवती जमले. “अंकल, एक बार लाइव्ह!” हातात माईक दिला. म्युझिक बंद झालं. सगळे मोबाइल वर करून उभे.

 बाबांनी माईक माझ्या हातात दिला आणि न जेवता ऑटो करून घरी गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या उशाशी अलार्म वाजत होता. बाबांनी लावून ठेवलेला.

तेव्हापासून ते माझ्याशी बोलत नाहीत.