ओटीचं लुगडं: तुळजापूरहून गोव्याला, तीन राज्यं ओलांडून

आता तुळजापूरहून सकाळी गाडी काढली की रात्रीच्या जेवणाला गोव्यात पोचता येतं. निजामाच्या काळात, दुसऱ्या महायुद्धाच्या दिवसांत, आम्हाला वाटेत तीन राज्यं लागली: आमची मोगलाई म्हणजे निजामाचं राज्य, मग इंग्रज आणि शेवटी पोर्तुगीज. धाकटा भाऊ विषमज्वरातून उठला होता आणि आईनं गोव्यातल्या कुलदेवीला लुगड्याची ओटी बोलली होती. कापड मिळत नव्हतं, तरी तिनं हिरवं इरकली लुगडं पैदा केलंच.

"घडी मोडू नगंस. ओटी कोरीच लागती," आजीनं निघताना बजावलं. नवस चुकला तर पोराचं दुखणं उलटेल, ही धास्ती घरात सगळ्यांनाच होती.

वडील तहसिलीत मुन्शी, त्यामुळं करोडगिरीच्या, म्हणजे निजामाच्या जकातीच्या नाक्यावर सलाम मिळाला. सोलापुरात निजामाचे हाली रुपये बदलून घेतले. भाकरी आणि शेंगाचटणी गदगपर्यंत पुरली. पुढं हुबळी, लोंढा करत कॅसलरॉकला इंग्रजांची हद्द संपली. तिथं शिपायानं गाठोडं सोडलं.

"नवं कापड पलीकडं नेता येत नाही," तो म्हणाला आणि आवाज खाली आणून पुढं, "अंगावरचं आम्ही बघत नाही."

"नेस की मग," वडील म्हणाले.

आई बायकांच्या खोलीतून हिरवं लुगडं नेसून आली ती रडतच. दूधसागर आला तरी तिनं मान वर केली नाही. मला ती इतकी सुंदर कधीच दिसली नव्हती, पण ते सांगायचा धीर झाला नाही.

फोंड्याला देवळाच्या धर्मशाळेत उतरलो. आई दर्शनाला जाईना. शेजारच्या खोलीतल्या गोव्याच्या म्हातारीनं कारण विचारलं आणि ऐकून ती हसली.

"अगो, हा किनारा आदिलशहाचा होता, मग फिरंग्यांचा झाला, मराठेही येऊन गेले. आता तुमच्या निजामालाही समुद्र हवा म्हणे! फिरंग्यांनी देवळं पाडली तेव्हा ह्या देवीला रातोरात होडीतून इकडं आणली. नेसत्या लुगड्यानिशी. तिला घडीचं काय सांगतेस?"

आईनं जुनं लुगडं नेसून हिरवं ओटीत घातलं.

घरी पोचताच आजीनं विचारलं, "कोरंच दिलंस न्हवं?"

वडील चपला काढत राहिले. आई खोटं बोलू शकली असती.

"न्हाय, आत्याबाई. नाक्यावर अडवलं. मी नेसून नेलं."

आजीनं भावाला मांडीवर ओढलं, त्याच्या कपाळावर हात ठेवला. कपाळ गार होतं. मग आईकडं बघून म्हणाली, "तुला शोभलं असंल."