जाहीरनाम्यात नसलेलं पेव

तारीख १५ फेब्रुवारी १९२६. आसेगावातलं दोन खणांचं घर, अंगणासकट, कोर्टाच्या लिलावात तीनशे दहा रुपयांना माझ्या नावावर सुटलं. हजर होते बेलिफ, सावकाराचा मुनीम, दवंडीवाला, घराचा मालक आणि मी. मालक म्हणजे गावातला म्हातारा कापूसदलाल. भाच्याला जामीन राहिला, भाचा पळाला, घर गेलं.

पाव रक्कम, सत्त्याहत्तर रुपये आठ आणे, जागेवरच भरली. बाकीचे दोनशे बत्तीस रुपये आठ आणे पंधरा दिवसांच्या आत. त्याशिवाय लिलावापासून तीस दिवस होईपर्यंत थांबायचं, कारण तेवढ्यात मालकाने सावकाराची रक्कम आणि मला शेकडा पाच भरले तर लिलाव रद्द होतो. ते दिवस मी बोटांवर मोजले. घर विधवा बहिणीसाठी होतं. दोन मुलांसह ती तीन वर्षं माझ्या पडवीत राहत होती. म्हाताऱ्याने काही भरलं नाही. लिलाव कायम झाला, सर्टिफिकेट मिळालं आणि एप्रिलात बेलिफाने दवंडी पिटून ताबा दिला. नवराबायको आपली बाज आणि भांडी घेऊन त्याच गावात भाड्याच्या खोलीत गेली. जाताना म्हाताऱ्याने अंगणाकडे दोनदा वळून पाहिलं. घर सुटलं की माणूस पाहतोच, असं मी समजलो.

मृगाच्या आधी तो माझ्याकडे आला. बसला, तंबाखू मळली, खाल्ली नाही.

"भाऊ, तुमच्या अंगनात माहं पेव हाये."

मी लिलावाचा जाहीरनामा चार वेळा वाचला होता. त्यात विहिरीचा चौथा हिस्सा होता, लिंबाचं झाड होतं, जमिनीखाली धान्य साठवायचं पेव नव्हतं.

"जप्तीच्या वक्ती काहून नाई बोलले?"

"बोललो असतो तं सावकारानं तेही नेलं असतं. अकरा पोते ज्वारी हाये. वर्षाचं खानं तेवढंच."

दुसऱ्या दिवशी मी मंगरूळपीरला वकिलाकडे गेलो. या घरापायी किती हेलपाटे झाले ते मोजणंही मी सोडलं होतं. वकील म्हणाले, "घर, अंगण, झाड, सगळ्यावर तुमचा हक्क, तोही लिलावाच्या दिवसापासून. पेवाचा खड्डासुद्धा तुमचा. ज्वारी मात्र विकत घेतलेली नाही, ती त्याचीच."

"म्हणजे त्याने न्यावी?"

"सावकाराची बाकी उरली असेल, तर सावकार जप्त करील. त्याला कळवायचं की नाही, ते मला विचारू नका."

बाकी होती, हे मला ठाऊक होतं. परत येताना ठरवलं की कळवायचं नाही. खरं कारण सांगतो: पुन्हा बेलिफ, पुन्हा मुनीम, पुन्हा दवंडी, हे माझ्याच्याने झालं नसतं. म्हाताऱ्याची दयाही आली, पण ती नंतर.

मग त्या घरी गेलो; बहीण आता मुलांसह तिथे राहायला गेली होती. म्हातारा अंगणात उभा होता, म्हातारी त्याच्या मागे. पेवाच्या तोंडावरची जागा जरा उंच आणि चोपून बसवलेली. नेमका तिथेच बहिणीने पाण्याचा रांजण मांडला होता. खापराचा रांजण, रोज तीन घागरी पाणी, रोज झिरप.

"जागा कोरडी अन् उंच होती, म्हून ठेवला," बहीण म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "तू तं चार डाव कागद वाचला न दादा? त्या कागदात एवढा मोठा खड्डा दिसला नाई तुले?"

तोंड उघडून, आत कोंडलेली हवा जावी म्हणून पेव दिवसभर मोकळं ठेवलं. संध्याकाळी दोर बांधून कंदील खाली सोडला. तो विझला नाही, तेव्हा म्हातारा आत उतरला. वरची ज्वारी काळी पडली होती, तिला आंबूस वास येत होता. मापली. साडेसात पोती चांगली निघाली, साडेतीन गेली.

म्हातारा मातीतच बसला. "आता संक्रांतीपुढं काय खाऊ?"

भाव पोत्याला नऊ रुपये होता. मी हिशेब सांगितला: साडेएकतीस रुपये. कायद्याने मी देणं लागत नव्हतो; पण रांजण माझ्या बहिणीचा होता.

"सारे नोका देऊ," तो म्हणाला. "लपवलं म्या, भिजवलं तुमी. निम्मे द्या."

"अन् द्या पटकन," म्हातारी त्याच्या मागून म्हणाली, "नाई तं हे तुमालेच जामीन राह्यतीन."

त्या घरात पहिल्यांदाच सगळे हसले, म्हाताराही. निम्मे पैसे मी म्हाताऱ्याला तिथेच दिले. चांगली पोती माझ्या गाडीतून त्यांच्या खोलीवर पोहोचवली. गाडीभाडं लावलं नाही. काळी ज्वारी बैलांनी खाल्ली.

उरलेले निम्मे, पंधरा रुपये बारा आणे, मी म्हातारीच्या हातावर मोजून दिले. पावती घेतली नाही.